नियम दहा ओळींचा, मग चुंबक आला कुठून?

अवलोकन

प्रश्न इमर्जन्स (अनेक घटक एकत्र आल्यावर एकट्यात नसलेलं काही नवीन उगवणं) आणि रिडक्शनिझम (सगळं खालच्या घटकांच्या नियमांतूनच येतं हे मत) यांबद्दल आहे. चर्चा हवेत राहू नये म्हणून एकाच उदाहरणावर विचारतो.

द्विमितीय आयझिंग मॉडेल, म्हणजे चुंबकाचं एक अगदी साधं गणिती रूप घ्या. १६ × १६ घरांची जाळी, प्रत्येक घरात एक स्पिन, म्हणजे वर किंवा खाली दाखवणारा इवलासा चुंबक, +१ किंवा −१. समोरासमोरच्या कडा एकमेकींना जोडलेल्या. शेजारचे दोन स्पिन एकाच दिशेचे असतील तर ऊर्जा −१, विरुद्ध असतील तर +१. कोणताही एक स्पिन निवडायचा. तो उलटवून ऊर्जा कमी होत असेल तर उलटवायचा. वाढत असेल तर मेट्रोपोलिसच्या नियमानं, म्हणजे तापमानावर ठरणाऱ्या संभाव्यतेनं उलटवायचा. एवढंच, दहा ओळींचं काम. ‘चुंबक’ हा शब्द या ओळींत कुठंच नाही. एकही स्पिन आपल्या चार शेजाऱ्यांपलीकडे बघत नाही. तरी तापमान साधारण २.२७ च्या खाली गेलं की सगळी जाळी एका बाजूला झुकते.

रिडक्शनिस्ट म्हणेल, जे झालं ते त्या दहा ओळींत होतंच; ‘इमर्जन्स’ हे फक्त आपल्याला आधी न दिसल्याचं नाव. दुसरीकडे भौतिकशास्त्रज्ञ फिलिप अँडरसन यांनी १९७२ च्या लेखात मांडलं की संख्या वाढली की नुसतं ‘जास्त’ होत नाही, ‘वेगळं’ होतं. मला दोन्ही पटतं, आणि तीच अडचण आहे. ‘नवीन’ या शब्दाला मोजता येईल असा काही अर्थ आहे का?

कोडबद्दल दोन शंका. सरासरी चुंबकत्व (सगळ्या स्पिनांची सरासरी) कोडच्या एका धावेत शून्याजवळ येतं, दुसऱ्या धावेत नाही. आणि चुंबकत्वाच्या चढउतारांचं शिखर नेहमी २.२६९ या तापमानाच्या थोडं वरच येतं. ही कोडमधली चूक आहे का?

घनअवस्था

चूक नाही. उलट तुमच्या मोठ्या प्रश्नाचं अर्धं उत्तर या दोन शंकांतच आहे, म्हणून तिथूनच सुरू करतो.

पहिली शंका. सगळे स्पिन एकदम उलटवले तर ऊर्जा तीच राहते. म्हणजे नियमाच्या दृष्टीनं वर आणि खाली यात काहीच फरक नाही. त्यामुळे मर्यादित जाळीत पुरेसा वेळ थांबलं की ती एका बाजूकडून दुसऱ्या बाजूला जातेच, आणि दीर्घकाळाची सरासरी अचूक शून्य येते. प्रश्न फक्त किती वेळ थांबायचं एवढाच. उलटताना जाळीच्या आरपार वर-खालीची सीमारेषा तयार व्हावी लागते आणि तिची किंमत जाळीच्या लांबीच्या प्रमाणात असते. म्हणून उलटायला लागणारा वेळ लांबीबरोबर घातांकी वाढतो. बाजू दुप्पट केली की त्या वेळेचा जवळजवळ वर्ग होतो. १६ च्या जाळीत तापमान २.२ असेल तर ती तुमच्या डोळ्यांदेखत अनेकदा उलटेल. १.५ असेल तर कुठल्याही व्यवहार्य धावेत उलटणार नाही. धावेगणिक उत्तर बदलतं ते या मधल्या पट्ट्यात. उपाय म्हणजे चुंबकत्वाच्या निरपेक्ष मूल्याची किंवा वर्गाची सरासरी घ्या.

दुसरी शंका. २.२६९ हे अनंत जाळीचं उत्तर आहे. ऑनसागर यांनी १९४४ मध्ये ते अचूक काढलं: २ भागिले (१ + √२) चा नैसर्गिक लॉग. मर्यादित जाळीत शिखर त्याच्या वर सरकतं, आणि द्विमितीत हे सरकणं १ भागिले लांबी या प्रमाणात कमी होतं. १६, ३२, ६४ अशा तीन जाळ्या चालवा, फरक दर वेळी निम्मा व्हायला हवा. त्यापेक्षा चांगली युक्ती बाइंडर यांची. चुंबकत्वाच्या चौथ्या घाताची सरासरी भागिले वर्गाच्या सरासरीच्या वर्गाची तिप्पट, हे १ मधून वजा करा. ही संख्या खूप थंडीत २/३ कडे जाते आणि खूप उष्णतेत शून्याकडे. वेगवेगळ्या जाळ्यांचे आलेख जवळपास एकाच जागी, २.२६९ पाशी, ०.६१ च्या आसपास एकमेकांना छेदतात.

इथं एक सापळा आहे. क्रांतिक तापमानाजवळ, म्हणजे चुंबकत्व जिथं उगवतं त्या २.२६९ जवळ, मेट्रोपोलिस अतिशय मंदावतो. जुना नमुना विसरायला लागणारा वेळ लांबीच्या साधारण २.१७ व्या घाताप्रमाणे वाढतो, म्हणजे बाजू दुप्पट झाली की साडेचार पट. लागोपाठचे नमुने स्वतंत्र समजून त्रुटी काढली तर ती फसवी लहान येते. वोल्फ यांची १९८९ ची पद्धत वापरा. एका स्पिनापासून सुरुवात करून त्याच दिशेचे शेजारी एका ठरावीक संभाव्यतेनं जोडत जायचं आणि तयार झालेला गट एकदम उलटवायचा. क्रांतिक तापमानाला ही संभाव्यता २ − √२, म्हणजे ०.५८६ येते.

आता ‘नवीन’ म्हणजे काय. तुमच्या जाळीत २५६ स्पिन आहेत, म्हणजे २ चा २५६ वा घात इतक्या मांडण्या. पार्टिशन फंक्शन, म्हणजे सगळ्या मांडण्यांच्या संभाव्यता-वजनांची बेरीज, ही तेवढ्या धन संख्यांची बेरीज. मर्यादित संख्येच्या धन, गुळगुळीत पदांची बेरीज गुळगुळीतच असते आणि तिचा लॉगही. म्हणून २५६ स्पिनांना, किंवा २५६ कोटी स्पिनांनाही, काटेकोर अर्थानं अवस्थांतर, म्हणजे एका तापमानाला वर्तनात येणारा तीक्ष्ण बदल, नसतंच. ते फक्त अनंताच्या सीमेवर अवतरतं. ही नुसती गणिती करामत नाही. बाजूला कोट्यवधी अणू असलेल्या एक सेंटीमीटरच्या खऱ्या चुंबकात अवस्थांतराच्या आलेखातला तीक्ष्ण कोपरा तापमानाच्या सुमारे १०^−१२ भागापुरताच गोल झालेला असतो. ते पुसणारी दुसरी कारणं त्याच्या कितीतरी आधी आड येतात.

आणि मोजता येणारं ‘नवीन’ हे असं. जाळीचा प्रकार बदला. मधमाशीच्या पोळ्यासारखी, तीन शेजाऱ्यांची जाळी घेतली तर क्रांतिक तापमान १.५१९. चौकोनी, चार शेजारी, २.२६९. त्रिकोणी, सहा शेजारी, ३.६४१. दहा ओळींतला तपशील बदलला की तापमान बदललं, यात काही आश्चर्य नाही. पण क्रांतिक बिंदूच्या खाली चुंबकत्व कोणत्या घातानं उगवतं ते पाहा. तिन्ही जाळ्यांत १/८. तिरक्या शेजाऱ्यांशीही त्याच चिन्हाचं थोडं बळ जोडा, तरी १/८. हा घात इतका लहान आहे की चौकोनी जाळीत क्रांतिक तापमानाच्या एकच टक्का खाली चुंबकत्व ०.६९ वर पोचलेलं असतं.

तापमान तपशिलाचं ऐकतं, घातांक ऐकत नाही. घातांक फक्त मिती आणि सममिती यांवर ठरतो. हाच फरक माझ्या मते इमर्जन्सचा खरा आशय आहे.

मॉडेल सोडून खऱ्या पदार्थांकडे आलात तरी हेच दिसतं. गुगेनहाइम यांनी १९४५ मध्ये निऑन, आर्गॉन, क्रिप्टॉन, झेनॉन, नायट्रोजन, ऑक्सिजन, कार्बन मोनॉक्साइड आणि मिथेन यांच्या द्रव-वायू घनता क्रांतिक मूल्यांच्या पटीत मांडल्या, तेव्हा आठांचे बिंदू एकाच वक्रावर बसले. घातांक जवळपास १/३. त्रिमितीय आयझिंगचा घातांक ०.३२६ आहे. मिथेनच्या रेणूत कुठं स्पिन वर-खाली होतोय? त्याची ऊर्जा वेगळी, आकार वेगळा, तरी क्रांतिक बिंदूजवळ वर्तन तेच.

तर्कशुद्ध

घनअवस्था यांच्या आकडेवारीला हरकत नाही, निष्कर्षाला आहे.

घातांक तपशिलाचं ऐकत नाही, हे आपल्याला कळलं कसं? कडॅनॉफ यांनी १९६६ मध्ये स्पिनांचे ठोकळे करण्याची कल्पना मांडली, विल्सन यांनी १९७१ मध्ये तिला पूर्ण सिद्धांताचं रूप दिलं. त्या रिनॉर्मलायझेशन पद्धतीत सुरुवात खालच्या नियमापासूनच होते. छोट्या लांबीचे तपशील टप्प्याटप्प्यानं बाहेर काढले जातात आणि कोणता तपशील मरतो, कोणता वाढतो हे त्याच गणितातून निघतं. म्हणजे वरची पातळी स्वतंत्र का वाटते याचंही स्पष्टीकरण खालूनच आलं. हा रिडक्शनिझमचा विजय आहे, पराभव नाही.

या वादात तीन वेगळे दावे एकत्र होतात. पहिला, वस्तू कशाची बनली आहे. दुसरा, वरचा नियम खालच्या नियमातून काढता येतो का. तिसरा, एखाद्या घटनेचं उत्तम स्पष्टीकरण कोणत्या पातळीवर मिळतं. रिडक्शनिझमला पहिले दोन पुरतात. भौतिकशास्त्रज्ञ स्टीव्हन वाइनबर्ग यांची भूमिका साधारण अशीच होती: ‘का?’ विचारत गेलं की बाण खालच्या दिशेनंच जातात. रसायनशास्त्रज्ञानं रोज क्वार्क मोजावेत असं त्यात कुठंही नाही.

याहून जोरदार अर्थानं, म्हणजे खालचे नियम पूर्ण माहीत असूनही वर काहीतरी जादा कारण काम करतं, अशा इमर्जन्सचा एकही पुरावा भौतिकशास्त्रात नाही. आणि इथं इतिहास सावध करतो. तत्त्वज्ञ सी. डी. ब्रॉड यांनी १९२५ मध्ये लिहिलं होतं की दोन मूलद्रव्यं सुटी सुटी कितीही तपासली तरी त्यांच्या संयुगाचे गुणधर्म तत्त्वतःही काढता येणार नाहीत. दोनच वर्षांनी, १९२७ मध्ये, हाइटलर आणि लंडन यांनी हायड्रोजनच्या रेणूतला बंध क्वांटम यांत्रिकीतून काढून दाखवला. ‘तत्त्वतः अशक्य’ म्हणताना आपण कोणत्या नियमाच्या आधारे म्हणतोय ते तपासावं लागतं. ब्रॉड यांच्या हाती तो नियमच नव्हता.

प्रवाही

कोणता तपशील मरतो आणि कोणता जगतो, यावर माझ्या क्षेत्रातलं उदाहरण देतो, कारण यात चुकीचा तपशील निवडला तर काय बिघडतं ते उघड दिसतं.

पाण्याचा प्रवाह एका समीकरणानं चालतो, तेलाचाही त्याच. रेणू पूर्ण वेगळे; वरच्या समीकरणापर्यंत पोचतात त्या फक्त घनता आणि विष्यंदिता (द्रवाचा दाटपणा, वाहण्याला होणारा अंतर्गत विरोध), दाबता न येणाऱ्या प्रवाहात एवढ्या दोनच संख्या. मग पाण्याचे खरे रेणू टाकून देऊन अगदी खोटे, खेळण्यातले कण घेतले तर प्रवाह मिळेल का? लॅटिस गॅसमध्ये नेमकं हेच करतात.

१९७३ ची पहिली आवृत्ती चौकोनी जाळीवर होती. प्रत्येक बिंदूवर चार दिशा, दर दिशेला जास्तीत जास्त एक कण. दोन कण समोरासमोर आदळले की काटकोनात वळून निघतात, बाकी सरळ जातात. कणांची संख्या टिकते, संवेग टिकतो. ध्वनिलहर सोडून पाहिली तर ती छान गोल पसरते आणि वाटतं की जमलं. पण प्रवाह सोडला की तो जाळीच्या दिशा ओळखू लागतो. ध्वनीला दुसऱ्या क्रमाच्या टेन्सरची (दिशांवर अवलंबून असलेल्या संख्यांच्या तक्त्याची) दिशानिरपेक्षता पुरते, ती चौकोनाकडे आहे. विष्यंदितेला आणि प्रवाहाच्या अरेषीय पदाला चौथ्या क्रमाची लागते, ती चौकोनाकडे नाही. कितीही मोठी जाळी घ्या, हा दोष जात नाही.

१९८६ मध्ये फ्रिश, हासलाखर आणि पोमो यांनी सहा दिशांची जाळी घेतली. सहा दिशांना चौथ्या क्रमाची दिशानिरपेक्षता मिळते आणि मोठ्या लांबीवर खऱ्या द्रवाचं समीकरण उतरतं. आदळण्याचे नियम असे: समोरासमोरचे दोन कण ६० अंशांनी डावीकडे किंवा उजवीकडे वळतात, दोन्हींची शक्यता सारखी. शिवाय १२० अंशांवरून एकाच वेळी आलेले तीन कण ६० अंशांनी फिरतात. हा तिघांचा नियम क्वचितच लागू होतो म्हणून गाळावासा वाटतो. गाळू नका. फक्त दोघांची टक्कर ठेवली तर कोणत्याही अक्षावर समोरासमोर जाणाऱ्या कणांच्या संख्येतला फरक कायम टिकतो. म्हणजे खऱ्या द्रवात नसलेला एक जादा अक्षय्य नियम (एखादी राशी कायम टिकण्याचा नियम) आत शिरतो आणि वर निघालेलं समीकरण द्रवाचं राहत नाही.

दोन गोष्टी सहा दिशांनीही सुटत नाहीत. प्रवाहाच्या अरेषीय पदाला घनतेवर अवलंबून असलेला एक गुणक चिकटतो. घनता स्थिर असेल तर वेळेचं प्रमाण बदलून तो पचवता येतो. आणि वेग ध्वनीच्या वेगापेक्षा बराच कमी ठेवावा लागतो, नाहीतर दाब वेगावर अवलंबून राहू लागतो. शिवाय एकेका बिंदूवरचं वाचन म्हणजे निव्वळ गोंगाट, म्हणून वेग वाचायचा तर बऱ्याच बिंदूंच्या गटावर सरासरी घ्यायची.

रेणूंचं बळ, आकार, वस्तुमान यांपैकी काहीही टाकून दिलं तरी चाललं. अक्षय्य नियमांची यादी आणि दिशांची सममिती यांतलं काही इकडंतिकडं झालं की द्रव गेला. ‘तर्कशुद्ध’ यांच्या पहिल्या दोन दाव्यांना मी विरोध करत नाही. पण खरा पाण्याचा रेणू आणि सहा दिशांच्या जाळीतला खोटा कण यांच्यातून एकच समीकरण निघत असेल, तर त्या समीकरणाचं कारण रेणूत शोधणं म्हणजे चुकीच्या जागी शोधणं.

अवलोकन

सगळ्यांचे आभार. तपशिलाचं ऐकणाऱ्या आणि न ऐकणाऱ्या राशी वेगळ्या काढणं हा निकष लगेच वापरता येईल असा आहे. ‘तर्कशुद्ध’ यांचा ‘तत्त्वतः काढता येतो’ हा दावा मात्र अजून टोचतोय. तत्त्वतः म्हणजे कुठपर्यंत?

घनअवस्था

त्याच्या तीन पायऱ्या आहेत आणि त्या वेगळ्या ठेवाव्यात.

पहिली, साधी क्षमतेची. ५० क्वांटम स्पिनांची अवस्था लिहायला २ चा ५० वा घात, म्हणजे सुमारे १.१ × १०^१५ सम्मिश्र संख्या लागतात. दर संख्येला १६ बाइट धरले तर १८ पेटाबाइट. ३०० स्पिनांना लागणाऱ्या संख्या सुमारे २ × १०^९० होतात, आणि दिसणाऱ्या विश्वातल्या अणूंचा नेहमीचा अंदाज १०^८० च्या आसपास आहे. ३०० स्पिन म्हणजे पदार्थाचा कणसुद्धा नाही.

दुसरी पायरी मला जास्त महत्त्वाची वाटते: गणिताची ताकद असूनही काय शोधायचं ते माहीत नसणं. अतिवाहकता १९११ मध्ये सापडली. श्रोडिंगरचं समीकरण १९२६ पासून हाती होतं. सिद्धांत आला १९५७ मध्ये. मधल्या ३१ वर्षांत पायाभूत नियमात काहीही कमी नव्हतं. कमी होती ती इलेक्ट्रॉनांच्या जोड्यांची आणि सगळ्या जोड्यांच्या एकाच सामाईक अवस्थेची कल्पना, आणि ती एकट्या इलेक्ट्रॉनच्या समीकरणाकडे बघून सुचत नाही. १९८६ मध्ये सापडलेल्या ताम्र-ऑक्साइड अतिवाहकांबाबत तर आजही सर्वमान्य सिद्धांत नाही, आणि तिथं कोणतं मूळ समीकरण लावायचं यावर कुणाचाच वाद नाही.

अँडरसन यांच्याच लेखातलं अमोनियाचं उदाहरण इथं बसतं. नायट्रोजन तीन हायड्रोजनांच्या प्रतलाच्या एका बाजूला असतो, पण टनेलिंगनं (क्वांटम नियमांमुळे अडथळ्यातून पार होण्यानं) आरपार जातो, सेकंदाला सुमारे २४ अब्ज या वारंवारतेनं. म्हणून स्थिर अवस्थेत त्याला वर-खाली अशी बाजू नसते. समीकरणाची सममिती शाबूत राहते. फॉस्फीनचा आकार तसाच, पण फॉस्फरस जड आणि मधला अडथळा उंच, त्यामुळे हे उलटणं अतिशय मंद. साखरेच्या रेणूपर्यंत पोचलं की डावा तो डावाच राहतो. समीकरण तेच, फक्त उलटायला लागणारा वेळ वाढत गेला. तुमच्या जाळीत १.५ तापमानाला जे झालं तेच हे.

तिसरी पायरी खरोखर ‘तत्त्वतः’ची आहे. २०१५ मध्ये क्युबिट, पेरेझ-गार्सिया आणि वुल्फ यांनी सिद्ध केलं की द्विमितीय जाळीवरच्या स्पिनांचे शेजाऱ्या-शेजाऱ्यांतले नियम पूर्ण दिलेले असतानाही, सर्वांत खालच्या ऊर्जापातळीच्या वर अंतर आहे की नाही हे प्रत्येक वेळी ठरवू शकेल अशी कोणतीही सर्वसाधारण पद्धत असू शकत नाही. याचा अर्थ ताणू नये. हा निकाल अनंत जाळीचा आहे आणि मुद्दाम रचलेल्या, प्रत्येक स्पिनाला प्रचंड पातळ्या असलेल्या नियमांचा आहे. प्रत्येक मर्यादित जाळीचं उत्तर तत्त्वतः निघतंच. पण आपण ज्यांना अवस्था म्हणतो त्या अनंताच्या सीमेवरच नीट ठरतात, म्हणून हा निकाल आपल्या प्रश्नाला थेट भिडतो.

‘तर्कशुद्ध’ यांच्याशी मतभेद उरतो तो एवढाच. रिनॉर्मलायझेशन खालून सुरू होतं हे बरोबर, पण शेवटी ते सांगतं की सुरुवात कुठून केली याला फारसं महत्त्व नव्हतं. क्वांटम हॉल परिणामात, म्हणजे अतिथंड पातळ थरातल्या इलेक्ट्रॉनांवर प्रबळ चुंबकीय क्षेत्र लावल्यावर, हे सर्वांत लखलखीत दिसतं. १९८० मध्ये फॉन क्लिट्झिंग यांना सिलिकॉनच्या ट्रान्झिस्टरमध्ये रोधाच्या सपाट पायऱ्या दिसल्या, २५,८१२.८०७ ओहमला पूर्णांकानं भागून येणाऱ्या मूल्यांवर. पदार्थ बदलला, नमुन्याचा आकार बदलला, तरी पुढच्या मोजमापांत मूल्य अब्जात काही भागांइतकं अचूक जुळलं. नमुन्यातली अशुद्धता इथं नुसती चालून जात नाही, ती लागतेच. पायरी रुंद होते ती अशुद्धतेत अडकलेल्या इलेक्ट्रॉन-अवस्थांमुळे. पूर्ण निर्दोष नमुन्यात पायऱ्या उरणार नाहीत. म्हणजे तपशिलाशिवाय परिणाम दिसत नाही, पण त्याचं मूल्य कोणत्याही तपशिलावर अवलंबून नाही.

तुमच्या कोडवर ठोकळ्यांची कृती स्वतः करून पाहा. ८१ × ८१ ची जाळी घ्या, वोल्फनं चालवा. ३ × ३ च्या ठोकळ्याला त्यातल्या बहुमताचा स्पिन द्या, म्हणजे २७ × २७ मिळेल, तीच कृती पुन्हा केली की ९ × ९. ठोकळा २ × २ घेऊ नका. बरोबरी झाली की नाणेफेक करावी लागते आणि जादा गोंगाट शिरतो. तापमान २.२, २.२६९ आणि २.३५ अशा तीन धावा करा आणि दर टप्प्यावर बाइंडरची संख्या काढा. पहिल्या धावेत ती २/३ च्या जवळ असेल, तिसऱ्या धावेत ०.६१ च्या बरीच खाली. मधल्या धावेत ती ०.६१ च्या आसपासच रेंगाळेल. एका चित्रावर भरवसा ठेवू नका, दर तापमानाला निदान काही हजार स्वतंत्र नमुने घ्या. मग त्रिकोणी जाळीवर ३.६४१ भोवती हेच करा, मात्र तिथं ठोकळा तीन स्पिनांच्या त्रिकोणाचा ठेवा आणि मधल्या धावेतली संख्या ०.६१ शी ताडू नका. चुंबकत्व उगवण्याचा घातांक १/८ च राहतो, पण ही छेदनाची संख्या नमुन्याच्या बाह्य आकारावर आणि कडा कशा जोडल्या यावरही ठरते.